सातताण्याचा बडग्या

आमच्या घरात माणसं चार होती आणि ताटंही चारच मांडली जात, तरी जेवताना घरात दहा जणांचा कालवा असे. बाबा, माय आणि मी हे तिघे मोजायला सोपे. चौथे गुलाबकाका, बाबांचे धाकटे भाऊ, आणि त्यांच्यात सात जण राहत. हे मी अलंकारिक अर्थाने म्हणत नाही. अलंकारिक बोलणाऱ्यांचा मला आयुष्यभर कंटाळा आला आहे, आणि नोकरी शाळेतली असल्यामुळे त्यांची माझ्याकडे कधी टंचाई पडली नाही. काकांच्या पोटात खरोखरच सात जण भांडत असत आणि त्यातला प्रत्येक जण मला ओळखत असे, एवढंच मला म्हणायचं आहे.

नागपुरात, इतवारी बाजाराच्या मागच्या अंगाला आमची कोष्ट्यांची गल्ली होती. दर घरात माग, आणि सकाळी चूल पेटायच्या आधी मागांची खटखट सुरू व्हायची. पुढच्या खोलीत आमचे दोन माग समोरासमोर होते. जमिनीत खड्डा, खड्ड्यात पाय सोडून बसायचं, पायांनी दांड्या दाबायच्या आणि हातांनी धोटा इकडून तिकडे फेकायचा. बाबांच्या मागाचा ठोका घड्याळासारखा. तो ऐकता ऐकता झोप यायची. काकांचा ठोका मात्र कोण विणतंय त्यावर अवलंबून असे. जोरात, दणके दिल्यासारखा आला, की समजायचं पाटील बसला आहे. अडखळत, मध्येच सुस्कारा सोडल्यासारखा आला, की रडतोंड्या. मायने रश्शासाठी खसखस नि सुकं खोबरं भाजायला घेतलं आणि जवसाच्या तेलाचा वास पुढच्या खोलीपर्यंत पोचला, की काकांचा माग बंदच पडायचा. तो खादाडाचा वेळ. मी शाळेतून आले की रहाटावर धोट्यातल्या सुताच्या कांड्या भरायला बसत असे, आणि आवाजावरून हाक मारत असे, "पाटील, पानी देऊ का?" आतून उत्तर यायचं, "पाटलाले पानी विचारतेत का वं? आनून ठेवतेत!"

त्या सगळ्यांच्या मिळून झालेल्या माणसाचं नाव सातताण्या. हा कुठल्याही पुराणात नाही. मी पुढे शोधून पाहिला. तो काकांनीच निर्माण केला, की त्याने काकांना, हा प्रश्न त्या वयात मला पडला नव्हता. मागावर ताणलेल्या उभ्या सुताला ताणा म्हणतात. कापड विणून संपत आलं की ताण्याचं शेवटचं हातभर सूत असं उरतं की ते विणताच येत नाही. ते कापून ठेवतात, घरातल्या बायका त्याने पापडाच्या डब्याचं तोंड बांधतात, पोरं पतंगाची शेपटी करतात. सातताण्याचा जन्म त्या उरलेल्या सुतातला.

"देवाच्या घरी सात माग होते," काका सांगत. "मानसं इनून राहिला होता थो. एका मागावर पाटील इनले, एका मागावर बुवा, एका मागावर चोर. संध्याकाळ झाली. देवीनं आतून आवाज देला, 'जेवाले याचं आहे, का मी झाकून ठेवू?' आता देवानं का केलं, सातही मागावरचं उरलंसुरलं सूत घेतलं, गाठी मारल्या, अन् त्याचा एक मानूस इनून टाकला. सूत वाया जाऊ देत नाई ना कोष्टी. देव झाला म्हनून का झालं?"

"मंग?"

"मंग का. जिथं गाठ आली तिथं मानूस बदलला. कपाळाले पाटील, त मानेले चोर. पोटात खादाड. एका पायाले कळमेश्वरले जाचं होतं, दुसऱ्याले पारशिवनीले. चौकात उभा राह्यला बापा. बुवा म्हने, दोन्ही गावं मिथ्या आहे. पाटील म्हने, मी काहून जाऊ, गावानं माह्याकडे यावं. चोर म्हने, आधी अंधार पडू द्या. खादाड म्हने, कुठंई चला पन जेवून चला. रडतोंड्या रडून राहिला. अन् लेकरू म्हने, मले घरी जाचं आहे."

"हे त सहाच झाले."

"सातवा बोलत नाई."

"काहून?"

"त्याले विचार. बोलला त सांगन."

लेकरू मला सगळ्यात आवडायचं. ते फारसं येत नसे. काका मागावरून उठून माझ्याजवळ येऊन बसायचे, रहाटाच्या चाकाकडे बघायचे आणि बारीक आवाजात म्हणायचे, "मले फिरवू दे ना." मोठ्या मिशांचा माणूस तसं म्हणाला की हसू यायचं. मी म्हणायची, "सूत तोडशीन तू." ते म्हणायचं, "नाई तोडत, देवाच्यान." आणि खरंच तोडत नसे. काका स्वतः रहाटावर बसले तर दर दोन मिनिटांनी सूत तुटायचं, पण लेकराच्या हातून कधी तुटलेलं मला आठवत नाही. यात काही चमत्कार आहे असा माझा दावा नाही. मी पाहिलं ते सांगते.

सातताण्याची गंमत गंमतच राहिली नाही हे घरात प्रथम मायच्या लक्षात आलं. एका दुपारी गोळाभात केला होता. डाळीचे गोळे भातात लपवलेले, वर कडकडीत फोडणीचं तेल. माय म्हणाली, "भाऊजी, अजून घेता का?" काका म्हणाले, "हाव." मायने वाढलं. काकांनी ताट दूर लोटलं आणि बुवाच्या घोगऱ्या आवाजात म्हणाले, "याले कोनं वाढाले सांगतलं? उपास आहे आज." मग पुन्हा ताट जवळ ओढलं. मग पुन्हा लोटलं. मी हसून हसून खोकायला लागले. बाबा मान खाली घालून जेवत होते. मायही पदराआड हसत होती, आणि मग तिचं हसणं थांबलं, कारण तिला काकांचे डोळे दिसले. ते कोणाचंच सोंग करत नव्हते. ते ताटाकडे पाहत होते आणि ताट मागेपुढे करणारा हात कोणाचा, हे त्यांनाही बघायचं होतं.

त्यानंतर काका सकाळी विणलेलं दुपारी उसवू लागले. पाटलाला लाल काठ पाहिजे, बुवाला पांढरा. एक लुगडं असं झालं की त्याचा एक काठ लग्नाचा आणि दुसरा सुतकाचा. गल्लीतल्या बायका ते पाहायला आल्या आणि मायने त्यांना चहा न देता पाठवलं, यावरून तिची अवस्था समजावी. आणि मग श्रावणात, ढगाळ, दमट दिवस होता, सूत ओलसर होऊन चिकटत होतं, दोन्ही माग एकदम थांबले. दोन्ही माग एकदम थांबणं आमच्या घरी फक्त मयताच्या वेळी होई. मी धावत पुढच्या खोलीत गेले. काका उभे होते, हातात भाजीचा इळा होता, आणि त्यांच्या मागावरचा अख्खा ताणा मधोमध कापलेला होता. सूत दोन्ही बाजूंना केसांसारखं लोंबत होतं.

कोष्ट्याच्या घरात मागावर चढलेला ताणा कापणं म्हणजे काय, हे बाहेरच्या माणसाला सांगणं अवघड आहे. आमच्याकडे घर जळत असलं तरी ताणा गुंडाळून बाहेर काढतात, कापत नाहीत. बाबा काकांना मारतील असं मला वाटलं. बाबा मारत असत. त्या काळी सगळेच मारत. पण त्यांनी काकांच्या हातातला इळा घेतला, बाजूला ठेवला, आणि काकांच्या मागासमोर बसून एकेक तुटलेलं टोक दुसऱ्या टोकाला बांधायला लागले. काका बाजूला उभे राहून हळूहळू सांगत होते, "दादा, पाटील म्हने तोड. बाकीचे नाई नाई म्हनत होते दादा. लेकरू रडलं. पन पाटील आयकेच ना." बाबा गाठी मारत राहिले. माझी माय दारात उभी होती. दिवस कलला तेव्हा बाबांनी पाठ ताठ केली आणि भिंतीकडे बघत म्हटलं, "पोळा होऊ दे. मंग मी याले दवाखान्यात नेऊन देतो."

दवाखाना म्हणजे वेड्यांचा, हे कोणाला विचारावं लागलं नाही. मायची एक मावशी तिथे गेली होती. तिला काय झालं होतं, ती किती वर्षं जगली, हे मला अजून माहीत नाही. मायच्या माहेरी तिचं नाव निघत नसे, आणि लग्नाच्या पंगतीत मावश्या मोजायची वेळ आली की माणसं दुसरा विषय काढत. माय त्या संध्याकाळी चुलीपुढे बसून मला म्हणाली, "जित्या मानसाचं नाव पुसतेत वं तिथं." आणि पुढे म्हणाली, "मी जाऊ देनार नाई."

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमचं नागपूर आपली सगळी पीडा गावाबाहेर काढतं. पिवळी मारबत निघते, काळी मारबत निघते, बांबू-कागदाच्या या अजस्र बाया मिरवत नेतात आणि सगळं गाव ओरडतं, "इडा पीडा घेऊन जा गे मारबत! खोकला-खरूज घेऊन जा गे मारबत!" त्यांच्या मागे मोहल्ल्यामोहल्ल्याचे बडगे. हे पुरुष. ज्याच्यावर राग असेल त्याचा बडग्या करायचा, गळ्यात पाटी अडकवायची, शिव्या देत गावाबाहेर न्यायचा आणि जाळायचा. या एका दिवसाइतका प्रामाणिक सण मी दुसरा पाहिलेला नाही. बाकीच्या सणांना आपण देवाकडे काहीतरी मागतो आणि दिल्यासारखं करतो. या दिवशी नुसतं म्हणतो, हे घेऊन जा, आम्हाला नको. मायच्या डोक्यात आलं, की सातताण्याचाच बडग्या केला तर? खोकला जातो, खरूज जाते, तर हा काहून जाणार नाही?

आमच्या मोहल्ल्याचा बडग्या नथ्थूजींच्या हातात होता. नथ्थूजी बडग्या मंडळाचे तहहयात अध्यक्ष. मंडळात दुसरं पद नव्हतं. चारचौघांत ते पुस्तकी मराठी बोलत आणि गळ्यात हार नसला तरी असल्यासारखी मान वाकवून चालत. माय मला घेऊन त्यांच्या ओट्यावर गेली.

"वहिनी," नथ्थूजी म्हणाले, "बडग्या हा समाजप्रबोधनाचा विषय आहे. त्यात घरगुती बाबी आणता येत नाहीत."

"हाव का?" माय म्हणाली. "मंग मागच्या साली तुमच्या साळ्याचा बडग्या केला थो कोनता विषय होता गा?"

नथ्थूजींनी पानाचा डबा उघडला आणि बंद केला. आतून त्यांच्या बायकोच्या हसण्याचा आवाज आला. "साळा व्यसनाधीन आहे," ते म्हणाले. "ते समाजात मोडतं."

"मंग हे बी मोडते. एका अंगात सात जन. बनवा ना, नथ्थूजी. मी हात जोडतो तुमाले." नागपूरकडे बायकाही कधीकधी 'जोडतो' म्हणतात. पण मायने खरोखर हात जोडले होते, आणि तिने ते कोणापुढे जोडलेले मी त्याआधी पाहिले नव्हते. नथ्थूजीही गडबडले. "काय करता वहिनी," ते साध्या भाषेत म्हणाले. "बनवतो ना. रडू नका."

मायने हे बाबांना सांगितलं नाही. आणि त्याच आठवड्यात बाबा काकांना घेऊन गावाच्या सदर भागात एका डॉक्टरकडे जाऊन आले, तिथून पांढऱ्या गोळ्या आणल्या आणि रोज सकाळी स्वतःच्या हाताने काकांना देऊ लागले, हे त्यांनी मायला सांगितलं नाही. दोघांनाही वाटत होतं की दुसरा हसेल. एका छपराखाली राहून माणसं एकमेकांपासून प्रेम लपवतात, आणि राग मात्र अंगणात वाळत घालतात. हे मी लग्न न करता शिकले.

बडग्या मारुतीच्या देवळासमोर तयार होऊ लागला. बांबूचा सांगाडा, त्यावर गोणपाट, त्यावर खळीने चिकटवलेले कागद. खळ आमच्याच घरची, सुताला लावतो ती. मोहल्ल्यातली पोरं तोंडं रंगवत होती आणि सगळी तोंडं एकसारखी, राक्षसाची करत होती. तिसऱ्या की चौथ्या दिवशी काका तिथे गेले. मला वाटलं आता काहीतरी होणार. काका उकिडवे बसले, बराच वेळ बघत राहिले, आणि म्हणाले, "पाटलाच्या मिशा अशा नाई बे. याच्या मिशा खाली पडल्या आहे. थ्या वर पाह्यजे. इकडं दे." आणि ब्रश घेऊन बसले. त्यानंतर पोळ्यापर्यंत ते तिथेच होते. रडतोंड्याचे गाल त्यांनी ओले दिसावेत म्हणून तेल लावून चकाकते केले. चोराचा एकच डोळा उघडा ठेवला. बुवाला इतकं सोज्वळ केलं की नथ्थूजींना संशय आला आणि ते आरशात जाऊन स्वतःचं तोंड पाहून आले. इतके दिवस न हसलेले काका तिथे हसत होते. घरी येऊन नीट जेवत होते. मायला वाटलं बडग्याचा गुण येऊ लागला. बाबांना वाटलं गोळ्यांचा.

पाच तोंडं झाली. सहावं, लेकराचं, काकांनी शेवटी ठेवलं होतं. मी खळीचं भांडं धरून जवळ बसले होते.

"काका, याले जाळतेत ना?"

"जाळतेतच त. बडग्या का दिवाणखान्यात ठेवतेत का?"

"मंग तुमाले कसं वाटन?"

काका रंग कालवत होते. "पाटलाले विचारलं मी. थो म्हने, माह्या मिरवणुकीले लोकं येतीन त चालन. बुवा म्हने, देह नाशिवंत आहे. चोर म्हने, मी मधातच पळतो." मग त्यांनी ब्रश खाली ठेवला. "लेकरू भेते वं. थे म्हनते, मले घरी जाचं आहे."

"मंग लेकराचं तोंड नका करू ना. पाचच करा."

"असं कसं," काका म्हणाले. "सगळे एकाच कापडाचे आहे. एकाले ठेवलं त बाकीचे मले जाऊ देतीन का?" त्यांनी ब्रश उचलून पुन्हा रंगात बुडवला. "वहिनीनं हात जोडले म्हनते नथ्थूजीपुढं. माह्यासाठी. माह्या वहिनीनं." आणि त्यांनी लेकराचं तोंड काढलं. ते तोंड गोल होतं, गालावर खळी होती, आणि ते घाबरलेलं नव्हतं. काकांनी त्याला हसवून टाकलं होतं. सातव्याच्या तोंडाचा कागद तसाच कोरा ठेवला. "त्याचं तोंड कोनं पाह्यलं?" म्हणाले.

मारबतीच्या दिवशी इतवारीत पाय ठेवायला जागा नव्हती. आम्ही बायका एका माडीच्या गॅलरीत उभ्या होतो. ढोल, ताशे, घामाचा आणि तळलेल्या वड्यांचा वास. पिवळी गेली, काळी आली, आणि मागून डुलत डुलत आमचा सातताण्या. सहा तोंडं सहा दिशांना, मध्ये एक पांढरं. नथ्थूजींनी कोणालाही न विचारता त्याच्या गळ्यात पाटी अडकवली होती: 'एका देहात सात पक्ष! जनतेकडे कोणाचे लक्ष?' त्या काळात ठिकठिकाणी खिचडी सरकारं येत-जात होती. लोकांना वाटलं ही त्यांच्यावरच टीका आहे. टाळ्या पडल्या. एका वर्तमानपत्राने दुसऱ्या दिवशी 'मार्मिक' असा शब्दही छापला. नथ्थूजींनी ते कात्रण चौकटीत बसवून घेतलं आणि पुढे आयुष्यभर पाहुण्यांना दाखवलं. आमच्या घरचं दुःख असं राजकारणात गेलं. राजकारण्यांना त्याचा काही त्रास झाल्याचं ऐकिवात नाही.

काका बडग्याच्या अगदी पुढे चालत होते. माय गॅलरीच्या कठड्यावर वाकली. गल्लीत जिचा आवाज कधी शेजारच्या घरापर्यंत गेला नसेल, ती त्या ढोलांच्या वर ओरडली, "सातताण्याले घेऊन जा गे मारबत! माह्या भाऊजीले सोड गे मारबत!" काकांनी वर पाहिलं. त्यांनी हात वर केला आणि तेही ओरडू लागले. "घेऊन जा गे मारबत!" तो पाटलाचा आवाज होता. मग घोगरा, बुवाचा. मग रडतोंड्याचा, मग खादाडाचा, चोराचा. एकेक जण आपल्याच नावाने ओरडत होता, मलाच घेऊन जा म्हणत होता. आजूबाजूची पोरं हसत होती, त्यांना ती नक्कल वाटली. मी कठडा धरून ऐकत होते. लेकराचा आवाज आला नाही. काकांनी तोंड उघडलं, मिटलं आणि रुमालाने पुसलं. मिरवणूक कोपऱ्यावरून वळली.

जाळतात तिथे बायका जात नसत. काका उन्हं उतरता उतरता घरी आले. कपड्यांवर राख होती. विहिरीवर आंघोळ केली, पाटावर बसले, चार वडे खाल्ले. माय म्हणाली, "अजून घेता का भाऊजी?" काका म्हणाले, "नाही, वहिनी. पोट भरलं." एकदाच म्हणाले. ताट जागचं हललं नाही. माय आत जाऊन देवापुढे रडली. बाबांनी दुसऱ्या दिवशी दवाखान्याचं नाव काढलं नाही, तिसऱ्या दिवशीही नाही, आणि मग ते नाव आमच्या घरातून गेलं.

काका बरे झाले. सगळे तसं म्हणत, आणि ते खरं होतं. त्यांचे काठ सरळ येऊ लागले. त्यांच्या मागाचा ठोका घड्याळासारखा पडू लागला, इतका की आतल्या खोलीतून बाबांचा कुठला आणि काकांचा कुठला हे मला ओळखू येईना. मला ते शकुंतला म्हणू लागले. त्याआधी त्या नावाने मला फक्त शाळेच्या हजेरीत हाक मारत. मी एकदा रहाटावर बसले असताना विचारलं, "काका, सातताण्या चौकात उभा होता, मंग कुठं गेला?" ते म्हणाले, "अभ्यास कर, बेटा. काहीबाही नको विचारू." ते रागावले नव्हते. त्यांच्या आवाजात काहीच नव्हतं. तुटू नये म्हणून मी एक सूत मुद्दाम सैल सोडून त्यांच्या हातात रहाट दिला. त्यांनी दोन फेरे दिले, सूत तुटलं. त्यांनी ते नीट बांधून मला परत दिलं.

यावर घरात बरीच वर्षं दोन मतं होती. गोळ्यांची गोष्ट एव्हाना फुटली होती. माय म्हणे, चूक पांढऱ्या कागदाची झाली. सहा तोंडं होती म्हणून सहा गेले, सातव्याला तोंड दिलं नाही म्हणून तो मुका तेवढा मागे राहिला, आणि आता आपल्या ताटावर तोच जेवतो. बाबा म्हणत, "गोळ्यायनं झोप येते मानसाले. त्यात मारबतीचं का आहे?" मी पुढे त्या रोगाबद्दल मिळेल ते वाचलं. रोगाला नाव आहे, नाव लांब आहे, आणि डॉक्टर ते नाव उच्चारतात तेव्हा नथ्थूजींसारखीच त्यांची मान वाकते. गोळ्या नसत्या तर काय झालं असतं हे मला माहीत आहे, कारण मायच्या मावशीचं नाव मला आजही माहीत नाही. तेव्हा मी गोळ्यांच्या बाजूची आहे. पण माय म्हणत होती ते चुकीचं आहे असं म्हणायला माझी जीभ अजून उचलत नाही. काका पुढे खूप जगले. हातमाग बंद पडले तेव्हा एका कारखान्यात चौकीदार झाले, वेळेवर गेले, वेळेवर आले. त्यांच्याविषयी कोणाचीही तक्रार नव्हती. माणसाविषयी कोणाचीच तक्रार नसावी, यापेक्षा वाईट काही मला त्याच्याविषयी सांगता येत नाही.

बाबा सातताण्याचं नाव कधी घेत नसत. त्या गोष्टी चालायच्या तेव्हा ते मान खाली घालून विणत, आणि मला वाटे त्यांना ऐकू येत नाही. त्या मारबतीनंतरचा उन्हाळा असेल. दुपारी आम्ही चौघं जेवत होतो. पंख्याचं बटण खराब होतं म्हणून माय ताटांवर पदराने वारा घालत होती. कोणी बोलत नव्हतं. आता कोणी बोलत नसेच. अचानक बाबांनी घसा साफ केला आणि ताटाकडे बघत म्हटलं, "थो सातताण्या एकदा सदरले गेला. केस कापाले."

मायचा हात थांबला. मी बाबांकडे पाहिलं. त्यांचे कान लाल झाले होते.

"नाव्ही म्हने, कसे कापू. पाटील म्हने, बारीक काप. बुवा म्हने, चकोटच कर. अन् थो दुसरा... खाऊत्या... खादाड. थो म्हने," बाबा अडले. त्यांनी भाताचा एक गोळा केला आणि तो तसाच ताटात ठेवला. "थो म्हने, राहू दे. अर्धे ठेव." बाबांना आवाज बदलता येत नव्हता. सातही जण बाबांच्याच आवाजात बोलत होते, मान खाली घालून, एका ठोक्यात. गोष्टीत पुढे काय होतं हे त्यांनी ठरवलेलं नव्हतं हे दिसत होतं, आणि तरी ते पुढे जात होते. "मंग नाव्ही म्हने, तुमी आधी घरी जाऊन ठरवा. मंग या. अन् लेकरू... लेकरू म्हने, चला, घरी चला." ते थांबले. "अशी आहे गोष्ट."

मी काकांकडे पाहत होते. मायही पाहत होती. आम्हाला वाटलं, आपला पाटील असा बोलतो का, असं ते आता म्हणतील. ब्रश हिसकावून घेतला होता तसं बाबांचं वाक्य हिसकावून घेतील. काकांनी घास संपवला. ते हसले, दुसऱ्याच्या घरी जेवायला गेल्यावर यजमानाच्या विनोदाला हसतात तसं.

"चांगली गोष्ट आहे, दादा," ते म्हणाले. "कोनाची आहे?"

बाबांनी ताटात ठेवलेला तो भाताचा शेवटचा गोळा तोंडात घातला.

"होता एक जन," ते म्हणाले, आणि मायकडे न पाहता त्यांनी वाटी पुढे केली. मायने वरण वाढलं. बाबांचा भात संपला होता, हे तिने त्यांना सांगितलं नाही.